शेवटची वीस पावलं

१ मे २००० रोजी, सोमवारी, अमेरिकेचे अध्यक्ष बिल क्लिंटन यांनी एक निवेदन काढलं. त्या मध्यरात्रीपासून जीपीएसचे उपग्रह सर्वसामान्य लोकांशी खोटं बोलणं थांबवणार, असा त्याचा साध्या भाषेतला अर्थ होता. वर्तमानपत्रांनी बातमी छापली. विमान कंपन्या, जहाजवाले आणि जमीन मोजणारे खूश झाले. या आदेशातून दोन दिवसांत एक खेळ जन्माला येईल आणि तो खेळणारी माणसं पुढे जगभरच्या झाडांच्या ढोल्यांत हात घालत हिंडतील, हे मात्र निवेदन लिहिणाऱ्याच्या स्वप्नातही नसावं.

उपग्रह खोटं बोलत होते, हा माझा अलंकार नाही. ते अधिकृत सरकारी धोरण होतं.

जीपीएस मुळात अमेरिकी लष्कराची. तिचा पहिला उपग्रह १९७८ साली वर गेला. सुमारे २०,२०० किलोमीटर उंचीवरून हे उपग्रह दिवसातून दोनदा पृथ्वीला फेरी घालतात. प्रत्येकाच्या पोटात अणुघड्याळ असतं आणि ‘आत्ता अमुक वाजले, मी अमुक ठिकाणी आहे’ एवढंच ते अखंड सांगत राहतात. आपल्या हातातलं यंत्र निदान चार उपग्रहांचं सांगणं ऐकतं, कुणाचा निरोप किती उशिरा पोचला ते पाहतं आणि त्यावरून आपण कुठे उभे आहोत ते काढतं. घड्याळ सेकंदाच्या दहा लाखाव्या भागाने चुकलं, तर जमिनीवरचं अंतर तीनशे मीटरांनी चुकतं.

ही लष्करी वस्तू नागरिकांच्या हाती आली त्यामागे एक शोकांतिका होती. १ सप्टेंबर १९८३ रोजी न्यूयॉर्कहून अलास्कामार्गे सेऊलला निघालेलं कोरियन एअरलाइन्सचं विमान वाट चुकून सोविएत हद्दीत शिरलं आणि लढाऊ विमानाने ते पाडलं. आतली २६९ माणसं गेली. त्याच महिन्यात, जीपीएस पूर्ण झाली की तिचा नागरी वापर सगळ्यांना खुला राहील, असं रेगन सरकारने जाहीर केलं.

लष्कराच्या पोटात मात्र गोळा आला. जे वैमानिकाला कळेल ते शत्रूच्या क्षेपणास्त्रालाही कळणार. मग तोड निघाली ती अशी: लष्करासाठी वेगळा, सांकेतिक आणि अचूक संकेत, आणि बाकी जगासाठी मुद्दाम बिघडवलेला. १९९०च्या मार्चपासून नागरी संकेतातल्या वेळेत ठरवून थरथर घालायला सुरुवात झाली. या बनावाला ‘सिलेक्टिव्ह अव्हेलेबिलिटी’ असं सोज्वळ नाव होतं. दुकानातून यंत्र विकत घेणाऱ्याला आपली जागा कळायची ती शंभर मीटर इकडे किंवा तिकडे.

त्याच वर्षी आखातात सैन्य जमायला लागलं आणि लष्करी यंत्रं पुरेशी नाहीत हे लक्षात आलं. वाळवंटात खुणेला झाड नाही की टेकडी नाही. सैन्याने दुकानातली नागरी यंत्रं खरेदी केली, काही जवानांनी तर घरच्यांकडून मागवून घेतली. परिणामी शत्रूला चकवण्यासाठी घातलेली थरथर आपल्याच सैनिकांसाठी काही काळ बंद ठेवावी लागली. पुढची गंमत याहून मोठी. जहाजं खडकांवर आपटू नयेत म्हणून अमेरिकेच्याच तटरक्षक दलाने किनाऱ्यावर केंद्रं उभारली आणि ती थरथर किती आहे ते मोजून रेडिओवरून दुरुस्ती पाठवायला सुरुवात केली. एक खातं चूक घालतंय, दुसरं ती काढतंय आणि दोघांचा पगार एकाच तिजोरीतून निघतोय. सरकारं सगळीकडची सारखीच.

१९९६ साली क्लिंटन सरकारने दहा वर्षांच्या आत हा प्रकार थांबवायचं ठरवलं होतं. दरम्यान, गरज पडली तर एखाद्या प्रदेशापुरताच संकेत रोखता येतो, हे लष्कराने करून दाखवलं आणि सगळ्या जगाला चकवत ठेवण्याचं कारण उरलं नाही. मग १ मेचं ते निवेदन आलं. वॉशिंग्टनमध्ये मध्यरात्र उलटून काही मिनिटं झाली आणि थरथर थांबली. त्या रात्रीचे आलेख आजही पाहायला मिळतात. एका जागी ठेवलेल्या यंत्राची नोंद तोवर पिसाळल्यासारखी वरखाली पळत असते आणि मग एका क्षणी सरळ रेषेत येते.

पूर्वीच्या चुकीचं शंभर मीटर त्रिज्येचं वर्तुळ म्हणजे जवळपास पावणेआठ एकर जमीन. थरथर थांबल्यावरचं दहा मीटर त्रिज्येचं वर्तुळ म्हणजे जेमतेम तीन गुंठे. अर्थात ही चूक काही घट्ट कुंपण घातलेली नसते. झाडीत ती वाढते, मोकळ्या आभाळाखाली कमी होते. पण पावणेआठ एकरांवरून तीन गुंठ्यांवर येणं हा नुसता सुधारणेचा आकडा नव्हता. पावणेआठ एकर रानात कुणीतरी लपवलेला डबा शोधणं ही हमाली झाली. यंत्राने थेट डब्याच्या झाकणावर बोट ठेवलं असतं, तर ते टपाल वाटणं झालं असतं. तीन गुंठ्यांत मात्र खेळ होतो. यंत्र आणून सोडतं आणि पुढची वीस पावलं डोळ्यांनी, हातांनी आणि लपवणाऱ्याच्या डोक्यात शिरून चालावी लागतात. या डबे शोधण्याच्या खेळाचा, म्हणजे जिओकॅशिंगचा, इतिहास लिहिणारे बहुतेक जण अचूकतेचे गोडवे गातात. मला वाटतं, श्रेय अचूकतेइतकंच तिच्यात शिल्लक राहिलेल्या चुकीचंही आहे.

हे सर्वांत आधी ज्याच्या ध्यानात आलं तो ऑरेगन राज्यातला डेव्ह अल्मर नावाचा संगणक सल्लागार. इंटरनेटवर उपग्रह-दिशादर्शनाविषयी बोलणाऱ्या हौशी लोकांचा एक चर्चागट होता. नव्या अचूकतेचं काय काय करता येईल, याचे तर्क तिथे आधीच चालले होते. अल्मर तर्क करत बसला नाही. ३ मे रोजी, बुधवारी, त्याने पोर्टलंड शहराबाहेर बीव्हरक्रीक गावाजवळच्या झाडीत प्लास्टिकची काळी बादली अर्धवट पुरून ठेवली. बादली पाच गॅलनची, म्हणजे साधारण एकोणीस लिटरची. आत नोंदवही, पेन्सिल, काही पुस्तकं, व्हिडिओ, सॉफ्टवेअर, थोडे पैसे, एक गलोल आणि बीन्सचा एक हवाबंद डबा. मग त्याने चर्चागटावर जागा जाहीर केली: उत्तर अक्षांश ४५ अंश १७.४६० मिनिटं, पश्चिम रेखांश १२२ अंश २४.८०० मिनिटं. नियमही सांगितला. काही घ्या, काही ठेवा, वहीत लिहा.

त्या आकड्यांतलं दशांशचिन्हानंतरचं तिसरं स्थान पाहा. मिनिटाचा हजारावा भाग म्हणजे उत्तर-दक्षिण दिशेने दोन मीटरांहूनही कमी. चारच दिवसांपूर्वी हे स्थान लिहिणं म्हणजे शुद्ध थाप ठरली असती.

आपल्याकडे गुप्तधन म्हटलं की त्यावर नाग बसलेला असतो, ते पायाळू माणसालाच दिसतं आणि अमावास्येच्या रात्री कुदळी घेऊन जावं लागतं. त्या नादात माणसांचे बळी गेल्याच्या बातम्याही आपण वाचलेल्या आहेत. अल्मरच्या खजिन्याचं सगळंच उलटं. जागा जगजाहीर, वेळ दिवसाची, आणि धन म्हणाल तर बीन्सचा डबा. तरी माणसं गेली. तीन दिवसांत चर्चागटातल्या दोघांनी ती बादली वेगवेगळी शोधून काढली आणि येऊन हकिगत लिहिली. पहिला पोचला तो नदीपलीकडच्या वॉशिंग्टन राज्यातला माइक टीग.

अल्मरने कल्पना दिली, पण तिचा संसार मांडला तो टीगने. त्याने स्वतः सेंट हेलेन्स ज्वालामुखीच्या परिसरात डबे लपवले आणि इतरांनी लपवलेल्या डब्यांचे अक्षांश-रेखांश आपल्या घरगुती संकेतस्थळावर एकत्र मांडायला सुरुवात केली. ११ मे रोजी कॅन्सस राज्यातल्या मिंगो इथे एक डबा ठेवला गेला. आजही चालू असलेल्या डब्यांत तोच सगळ्यांत जुना मानला जातो. जूनच्या सुरुवातीला आयर्लंडमध्ये ब्रे हेडच्या डोंगरावर युरोपातला पहिला डबा आला. महिनाभरात खेळ समुद्र ओलांडून गेला. जाहिरात नाही, कंपनी नाही, पैसा नाही.

खेळाचं बारसं याच दिवसांतलं. अल्मरने वापरलेल्या ‘स्टॅश’ या शब्दाला अमली पदार्थ दडवण्याचा वास होता. ३० मे रोजी मॅट स्टम नावाच्या एकाने खेळाच्या ई-मेल यादीवर ‘जिओकॅशिंग’ हे नाव सुचवलं आणि तेच टिकलं.

असं काही पूर्वी कुणी केलंच नव्हतं असं नाही. इंग्लंडच्या नैर्ऋत्येला डार्टमूरचं दलदलीचं पठार आहे. १८५४ साली जेम्स पेरट नावाच्या वाटाड्याने तिथल्या क्रॅनमेअर पूल या आडबाजूच्या जागी एक बाटली ठेवली. एवढी चिखलातली पायपीट करून पोचणाऱ्याने आपलं भेटपत्र तिच्यात टाकावं, एवढाच हेतू. बाटलीच्या जागी पुढे डबा आला, मग तसे आणखी डबे आले, शिक्के आले आणि ‘लेटरबॉक्सिंग’ नावाचा छंद पठारावर रुजला. तो दीडशे वर्षं डार्टमूरच्या आसपासच राहिला, कारण डबा शोधायला नकाशा, होकायंत्र आणि कुणीतरी लिहून दिलेल्या खाणाखुणा लागत. १९९८ साली एका अमेरिकी मासिकात त्यावर लेख आला आणि तिकडेही काही मंडळी त्या वाटेला लागली. अल्मरच्या खेळाला खाणाखुणा लागत नव्हत्या. दोन आकडे पुरत, आणि ते कुठल्याही भाषेत सारखेच.

जुलैमध्ये सिअ‍ॅटलच्या जेरेमी आयरिश या वेब डेव्हलपरला टीगची यादी सापडली. त्याने यंत्र विकत घेतलं, शहराबाहेरचा एक डबा शोधला आणि घरी येऊन कामाला लागला. टीगची यादी म्हणजे साधी यादी होती. आयरिशने नकाशा, शोध आणि प्रत्येक डब्याखाली शोधणाऱ्यांच्या नोंदी, अशी रचना उभी केली. २ सप्टेंबर २००० रोजी जिओकॅशिंग डॉट कॉम सुरू झालं. बादली लपवल्याला चार महिनेही पुरे झाले नव्हते. त्या दिवशी जगातल्या माहीत असलेल्या डब्यांची संख्या होती ७५.

ऑक्टोबरात न्यूयॉर्क टाइम्सने दखल घेतली आणि आयरिशच्या घरातल्या सर्व्हरला धाप लागली. इलायस अ‍ॅल्वर्ड आणि ब्रायन रॉथ या दोघांना घेऊन त्याने ग्राउंडस्पीक नावाची कंपनी काढली. सुरुवातीचं भांडवल होतं देणगीदाखल मिळालेले १४४ टी-शर्ट. ते विकून आलेल्या पैशांतून गाडी चालू लागली. डॉट-कॉम कंपन्यांचे फुगे रोज फुटत होते तो हा काळ. कोट्यवधींचं भांडवल ओतलेल्या कंपन्या गेल्या आणि टी-शर्टवाली टिकली, याचा मला खोडकर आनंद होतो.

कंपनी आली की कुरकूरही येतेच. डबे लोकांचे, मेहनत लोकांची, डबे तपासणारेही बिनपगारी स्वयंसेवक, मग यादी एका कंपनीच्या मालकीची कशी? हा प्रश्न पहिल्या वर्षापासून विचारला जातो आणि तो चुकीचा नाही. पर्यायी याद्या निघाल्या. गार्मिनसारख्या यंत्र बनवणाऱ्या बलाढ्य कंपनीनेही २०१० साली स्वतःची यादी सुरू केली आणि पाच वर्षांत ती गुंडाळली. कारण उघड आहे. डबे जिथे जास्त तिथे शोधणारे जातात आणि शोधणारे जिथे जास्त तिथेच नवे डबे ठेवले जातात.

डब्यांची गर्दी झाली तशी नियमावलीही वाढली. दोन डब्यांत निदान १६१ मीटर अंतर हवं. अन्न ठेवायचं नाही, कारण जनावरं डबा फोडतात. शोध किती अवघड आणि वाट किती बिकट, याला एक ते पाच अशा दोन श्रेणी. आणि जमीन खणायची नाही. म्हणजे अल्मरची ती अर्धी पुरलेली बादली, त्यात बीन्स, आज तपासणाऱ्याकडे आली असती तर दोन कलमांखाली नामंजूर झाली असती.

जमिनीचा प्रश्न सर्वांत चिघळला तो अमेरिकेच्या राष्ट्रीय उद्यानांत. परवानगीशिवाय वस्तू ठेवून जाणं तिथे बेकायदा, आणि डबा शोधायला पन्नास माणसं आली की गवतात आपोआप पायवाट पडते. उद्यान खात्याने डबे हटवायला लावले. त्यातून एक चांगली गोष्ट निघाली. २००४ साली अमेरिकेच्या भूविज्ञान संस्थेच्या साथीने ‘अर्थकॅश’ सुरू झाले. इथे डबाच नाही. दिलेल्या ठिकाणी जायचं, खडकाचे थर, झरा किंवा विवर नीट बघायचं आणि तिथे उभं राहिल्याशिवाय देता येणार नाहीत अशा प्रश्नांची उत्तरं पाठवायची. यातला पहिला ऑस्ट्रेलियात होता.

शहरांत वेगळीच पंचाईत झाली. सुरुवातीचा लाडका डबा म्हणजे लष्कराच्या जुन्या बाजारात मिळणारी हिरवी, लोखंडी काडतुसांची पेटी. पाणी आत शिरत नाही, वर्षानुवर्षं टिकते. पण पुलाखाली कुणीतरी ओणवं होऊन अशी पेटी सरकवतंय हे खिडकीतून बघणाऱ्याला काय वाटेल? २०११ च्या जुलैत इंग्लंडमधल्या वेदरबी गावात एका कॅफेबाहेर कुणीतरी लपवलेला लहानसा प्लास्टिकचा डबा संशयावरून बॉम्बशोधक पथकाने उडवून दिला. तो जिओकॅशिंगचा निघाला. खेळणारे अनभिज्ञ लोकांना हॅरी पॉटरमधल्या शब्दाने ‘मगल’ म्हणतात आणि त्यांच्या नजरेत न येणं हे कौशल्य मानतात. मला वाटतं, खेळाची खरी अडचण याच चोरटेपणात आहे. शोधणाऱ्याला मजा येते ती दडवादडवीत, आणि शेजाऱ्यापाजाऱ्यांना भीती वाटते तीही तिचीच.

काही वेळा किंमत जिवाने मोजावी लागली. २०१८ च्या जूनमध्ये प्राग शहरात काही खेळाडू जमिनीखालच्या नाल्यात शिरले होते. वर अचानक मुसळधार पाऊस कोसळला आणि दोघं वाहून गेले.

२००८ नंतर वेगळं यंत्र घेण्याची गरजच संपली. फोनमध्ये जीपीएस आली आणि जी माणसं पूर्वी दुकानात जाऊन पिवळं गार्मिन विकत घेत, त्यांच्या जागी कुणीही यायला लागलं. डबे लहान झाले. डिजिटल कॅमेऱ्यांमुळे निरुपयोगी झालेल्या फिल्मच्या डब्या इथे चांगल्याच कामी आल्या. मग बोटाच्या पेराएवढ्या चुंबकी डब्या आल्या, ज्यांत सही करायला कागदाची पट्टी तेवढी मावते. देवघेव संपली, सही उरली. १० लाख चालू डब्यांचा टप्पा २०१० मध्ये ओलांडला गेला. आज तो आकडा ३० लाखांच्या पुढे आहे आणि देश १९० हून अधिक.

आकड्यांनी माणसं बिघडतात, तशी इथेही बिघडली. नेवाडाच्या वाळवंटात एका महामार्गाच्या कडेने नियमात बसेल एवढ्याच अंतरावर हजाराहून अधिक डबे ओळीने ठेवले गेले. गाडी थांबवा, उतरा, सही करा, बसा, पुढे. दिवसाला शेकडो. हे करणाऱ्यांचा उत्साह मी नाकारत नाही, पण त्यात शोधणं कुठे उरलं? डबा खांबाच्या पायथ्याशी असणार हे आधीच ठाऊक असेल, तर ती वीस पावलं कुणी चालायचीच नाहीत.

आणि तरी त्याच खेळात दुसऱ्या टोकाला काय चाललंय पाहा. अटलांटिकच्या तळाशी, अझोर्स बेटांजवळच्या उष्ण झऱ्यांपाशी, २,३०० मीटर खोल एक ठिकाण यादीत आहे. पाणबुडी असेल तर जा. २००८ च्या ऑक्टोबरात स्वखर्चाने अंतराळात गेलेल्या रिचर्ड गॅरियटने आंतरराष्ट्रीय अवकाशस्थानकातल्या एका कप्प्याची नोंद जिओकॅश म्हणून केली. हे स्थानक तासाला सुमारे २८,००० किलोमीटर वेगाने धावतं, तेव्हा त्याचे अक्षांश-रेखांश द्यायचे तरी कसे! २०१३ मध्ये रिक मास्ट्राकिओ हा नासाचा अंतराळवीर तिथे गेला, तेव्हा त्याने ‘ट्रॅव्हल बग’ नावाचा क्रमांक कोरलेला पत्रा बरोबर नेला. असे पत्रे एका डब्यातून दुसऱ्या डब्यात, हातोहात जगभर फिरत असतात आणि त्यांच्या प्रवासाची नोंद राहते. अल्मरच्या बादलीतला तो बीन्सचा डबा पुढे मूळ जागेजवळ सापडला. त्यालाही असाच क्रमांक मिळाला आणि तो आता खेळाच्या मेळाव्यांत मिरवतो. बादलीच्या जागी २००३ पासून स्मृतिफलक आहे आणि तिथे देशोदेशीची माणसं येऊन फोटो काढतात.

सर्वांत दूर गेलेला क्रमांक मंगळावर आहे. फेब्रुवारी २०२१ मध्ये उतरलेल्या पर्सिव्हिअरन्स गाडीवर शेरलॉक नावाचं उपकरण आहे. ते योग्य चालतंय ना हे ताडून पाहण्यासाठी काही नमुने बसवले आहेत. त्यांत अंतराळवीरांच्या शिरस्त्राणाच्या काचेसाठी वापरतात त्या पॉलिकार्बोनेटचा एक तुकडा आहे आणि त्याच्यामागे जिओकॅशिंगचा क्रमांक छापला आहे. गाडीने धाडलेल्या छायाचित्रात तो हुडकून वाचला की घरबसल्या नोंद करता येते. ती नोंद ‘पाहिला’ अशी होते. ‘सापडला’ म्हणून धरत नाहीत, कारण सापडला म्हणायला जागेवर जाऊन वहीत सही करावी लागते.